आधी कोणता पाहावा: ‘तेत्सुओ’ की ‘वन कट ऑफ द डेड’?

दिग्दर्शक स्वतःच संकलनाला बसला की भयपटाचे रूप कसे पालटते, हे जपानी चित्रपटांतून पाहायचे असेल, तर शिन्या त्सुकामोतो यांचा ‘तेत्सुओ: द आयर्न मॅन’ (१९८९) आणि शिनइचिरो उएदा यांचा ‘वन कट ऑफ द डेड’ (२०१७) ही दोन नावे हमखास पुढे येतात. दोघांनीही लेखन, दिग्दर्शन आणि संकलन स्वतःच केले आहे.

उएदांच्या चित्रपटाची पहिली ३७ मिनिटे एकाच अखंड शॉटची आहेत. त्यात मध्येच पात्रे छंदांविषयी अवघडून बोलत राहतात, कॅमेऱ्याच्या काचेवर उडालेले रक्त कुणाचा तरी हात पुसून टाकतो. या प्रत्येक विचित्र क्षणाचे उत्तर पुढे मिळते आणि ते ज्या नेमक्या वेळी मिळते, त्यातच संकलकाचे कसब आहे. चित्रपट उत्तम आहे, याबद्दल माझ्या मनात शंका नाही.

मात्र घरी मित्रांना तो दाखवताना मला प्रत्येक वेळी एकच त्रास झाला. विसाव्या मिनिटाला चुळबुळ सुरू होते, कुणीतरी मोबाइल हातात घेतो, आणि ‘अजून थोडे थांबा’ एवढेच सांगता येते. का थांबायचे, हे सांगितले तर सगळी गंमतच जाते. तिसऱ्या वेळी तर मी पडद्यापेक्षा मित्रांच्या चेहऱ्यांकडेच अधिक पाहत होतो.

‘तेत्सुओ’ पाहताना अशी मनधरणी करावी लागत नाही. दाढी करणाऱ्या नोकरदाराच्या गालातून धातूचा काटा डोकावतो, आणि तिथून पुढे हा ६७ मिनिटांचा कृष्णधवल चित्रपट श्वास घ्यायला उसंत देत नाही. माणसे गल्ल्यांतून सुसाट घसरत जातात ती दृश्ये एकेक फ्रेम स्वतंत्रपणे टिपून जुळवलेली आहेत, त्यामुळे धावणाऱ्या देहालाही यंत्राचे हिसके बसतात. माणसाचे धातूत होणारे रूपांतर कथेइतकेच संकलनातूनही घडते, असे मला वाटते. चू इशिकावा यांचे ठणठणाट करणारे संगीत काहींना असह्य होईल, हे मान्य करायला हवे. रात्री पाहणार असाल तर आवाज कमी ठेवणे बरे.

घरात पाच-सहा जण जमणार असतील आणि त्यांच्या संयमावर तुमचा भरवसा असेल, तर उएदांपासून सुरुवात करायला हरकत नाही. एकट्याने बसणार असाल, तर मी ‘तेत्सुओ’च हाती देईन.