व्हाइटहॉर्सची अर्ध्या दिवसाची सिटी टूर: नदीसाठी घ्या, माशांपाशी थांबा

कॅनडाच्या उत्तरेकडच्या युकॉन प्रदेशातल्या व्हाइटहॉर्सला जाणारी आपली बहुतेक मंडळी नॉर्दर्न लाइट्ससाठी हिवाळ्यात जातात. रात्री आकाश बघायचं आणि दिवसा हॉटेलात झोपायचं, असा त्यांचा बेत असतो. माझं म्हणणं थोडं वेगळं आहे. ऑगस्टच्या पहिल्या पंधरवड्यात जा, आणि पहिल्याच सकाळी अर्ध्या दिवसाची गाईडेड सिटी टूर घ्या. आम्ही तसंच केलं. मुलगी व्हँकुव्हरजवळ राहते, तिथून विमानाने अडीच तास. माणशी ८०-८५ डॉलरच्या आसपास खर्च आला, त्यावर ५ टक्के जीएसटी. युकॉनमध्ये त्याशिवाय वेगळा विक्रीकर नाही, त्यामुळे बिल वाढून आलं नाही.

माझी नोकरी पाटबंधारे खात्यात गेली. धरणं, कालवे, सांडवे, हेच पाहत निवृत्त झाले. त्यामुळे हा रिव्ह्यू नदीच्या बाजूने झुकलेला असणार. पण या शहराची टूर नदी सोडून करताच येत नाही. बोटी, रेल्वे, वीज, मासे, सगळं युकॉन नदीच्या काठाने उलगडत जातं. टूर आखणाऱ्यांनी थांबे निवडताना हे ओळखलं आहे, आणि मला टूर आवडण्याचं मुख्य कारण तेच.

आधी सोयी सांगते. सकाळी नऊला हॉटेलच्या दारातून घेतलं, साडेबाराला परत आणून सोडलं. दहा-बारा जणांची व्हॅन. पायरी उंच आहे, आमच्या ह्यांचे गुडघे दुखतात म्हणून मी आधीच ईमेलवर विचारलं होतं. ड्रायव्हरने न सांगता लाकडी स्टूल काढून ठेवलं आणि प्रत्येक थांब्यावर ठेवलं. पाणी मिळतं, खायला काही नाही. मी थालीपिठं आणि थर्मासात चहा नेला होता, तुम्हीही काहीतरी न्या. ऑगस्ट असला तरी सकाळी स्वेटर लागतो.

गाईड म्हणजे क्युबेकहून येऊन इथेच राहिलेली एक तरुण मुलगी. पाठ केलेलं घडाघडा म्हणत नव्हती. प्रश्न विचारला की थांबायची, विचार करायची आणि माहीत नसेल तर तसं सरळ सांगायची. अशा गाईडवर माझा विश्वास बसतो.

सुरुवातीचा शहरातला फेरफटका पटकन उरकतो. २०२१च्या जनगणनेत या शहराची लोकसंख्या जेमतेम २८ हजार होती, अख्ख्या युकॉनची ४० हजार. म्हणजे दहातली सात माणसं याच गावात. पण शहराची हद्द ४०० चौरस किलोमीटरच्या वर, आणि तीत बहुतेक जंगलच. 'वाइल्डरनेस सिटी' असं हे शहर स्वतःला म्हणवतं, ते उगाच नाही. १९००चं ओंडक्यांचं चर्च, १९४७ साली बांधलेली ओंडक्यांचीच दोन-तीन मजली घरं, मेन स्ट्रीटच्या टोकाला नदीकाठी जुनं रेल्वे स्टेशन. अलास्कातल्या स्कॅग्वेच्या बंदरापासून निघालेली नॅरोगेज लाइन १९०० साली इथे पोचली आणि समुद्रावरून आलेला माल इथे नदीतल्या बोटींवर चढू लागला. गावाचा जन्म त्या अदलाबदलीतून झाला. १९५३ साली युकॉनची राजधानीही डॉसन गावाहून इथे आली.

क्लोंडाइक नावाची आगबोट आता काठावर जमिनीवर उभी आहे. पांढरी, चार मजली दिसणारी, मागे प्रचंड लाकडी चाक. १९२९ची मूळ बोट १९३६ साली बुडाली, पुढच्याच वर्षी दुसरी बांधली, आणि ती १९५५पर्यंत चालली. खाली डॉसनला जायला प्रवाहाबरोबर दीड दिवस, परत यायला चार-पाच दिवस. येताना चांदी-शिशाचं खनिज पोत्यांत भरून आणायची. काठाकाठाने लाकूडतोड्यांचे तळ होते, बोट जागोजागी थांबून सरपण घ्यायची. १९६६ साली तिला शहरातल्या रस्त्यांवरून बुलडोझरांनी ओढत इथे आणलं, खाली ओंडके आणि ओंडक्यांना साबण चोपडून! हे ऐकताना ह्यांनी आणि मी एकमेकांकडे पाहिलं. अवजड यंत्रं साइटवर हलवताना काय काय युक्त्या कराव्या लागतात हे आम्हाला ठाऊक आहे. या टूरमध्ये बोट बाहेरूनच दाखवतात. वेळ पुरेसा होता.

तिथून व्हॅन पांढुरक्या मातीच्या उंच कड्यावर चढते. शहर खाली, विमानतळ वर. हा कडा म्हणजे हिमयुगातल्या सरोवराच्या तळाशी बसलेला गाळ. पाणी मुरलं की तो सुटतो. २०२२च्या वसंतात तो घसरला आणि शहरात येणारा दक्षिणेकडचा रस्ता बंद ठेवावा लागला. मी विचारलं म्हणून गाईडने हे सांगितलं, नाहीतर या विषयावर टूरमध्ये एक शब्द नाही. असावा. या गावाला आज भेडसावणारी गोष्ट आहे ती.

वर वाहतूक संग्रहालयापाशी एक खरंखुरं डीसी-३ विमान खांबावर बसवलं आहे. १९८१पासून ते वातकुक्कुट म्हणून काम करतं. पाच नॉटचा वारा आला तरी हळूहळू वळून नाक वाऱ्याकडे करतं. हे विमान १९४२ सालचं. युद्धात ते भारतातून हिमालय ओलांडून चीनला माल पोचवत होतं, आणि युद्धानंतर कॅनडाच्या उत्तरेत प्रवासी व माल वाहू लागलं. आम्ही दोघे सोडून व्हॅनमधल्या कोणाला यात विशेष वाटलं नसावं. माझे एक काका युद्धाच्या काळात आसामात सैन्यात होते, तिथल्या विमानांच्या गोष्टी लहानपणी ऐकलेल्या. मी त्या विमानाच्या पोटाखाली उभी राहिले आणि ह्यांना फोटो काढायला लावला.

माइल्स कॅन्यन हा टूरचा सगळ्यात देखणा भाग. काळ्या बसाल्टच्या उभ्या खांबांमधून हिरवंगार पाणी. आयुष्यभर दख्खनचा काळा पत्थर पाहिलेल्या मला हा दगड लगेच ओळखू आला, फक्त वयाने आपल्यापेक्षा फार तरुण. आपला साडेसहा कोटी वर्षांचा, हा सुमारे ८५ लाख वर्षांचा. पाणी इतकं नितळ कसं, असं एका बाईंनी विचारलं. वरच्या अंगाला लांबच लांब सरोवरं आहेत, हिमनद्यांचा गाळ तिथेच तळाशी बसतो आणि नदी निवळून खाली येते. १९२२चा पायी जायचा झुलता पूल आहे, हलतो, पण कठडे चांगले. ह्यांनी पलीकडे जाऊन परत यायला दहा मिनिटं घेतली, गाईड बरोबर चालत राहिली. पार्किंगपासून उतार आहे, पावसात जपून.

१८९८ साली डॉसनकडच्या सोन्यामागे निघालेली हजारो माणसं घरगुती बनावटीच्या होड्यांतून इथून गेली. खाली धबधब्यासारखी खळाळणारी नदी होती, त्या फेसाला पांढऱ्या घोड्यांच्या आयाळीची उपमा दिली म्हणून गावाचं हे नाव. होड्या फुटू लागल्या तेव्हा पोलीस अधिकारी सॅम स्टील यांनी नियम केला: बायका-मुलं काठाने चालत जातील आणि होडी अनुभवी नावाडीच चालवेल. काठाने लाकडी रुळांची ट्रामही झाली, घोडे ती ओढायचे. आज तो खळाळ पाण्याखाली आहे, कारण १९५८ साली पूर्ण झालेल्या धरणाने त्यावर श्वाट्का सरोवर उभं केलं. सरोवरात आता पाण्यावर उतरणारी छोटी विमानं बांधलेली दिसतात.

आणि मग धरण. इथे माझी तक्रार आहे. टूरमध्ये या थांब्याला वीस मिनिटं आहेत. तास हवा.

वीजघर ४० मेगावॉटचं. आकडा ऐकून कोणी नाक मुरडू नये. युकॉनचं विजेचं जाळं बाकी कॅनडाशी जोडलेलं नाही. इथे वीज कमी पडली तर शेजारून घेता येत नाही. त्यातून पाणी भरपूर असतं उन्हाळ्यात, जेव्हा बर्फ वितळतं, आणि वीज सर्वांत जास्त लागते हिवाळ्यात, जेव्हा नदी आटलेली असते. त्यामुळे थंडीत डिझेल आणि गॅस जाळावाच लागतो. पाणी एका ऋतूत आणि गरज दुसऱ्या ऋतूत, हे कोडं आमच्या खात्यातल्या प्रत्येकाने सोडवलेलं आहे, पण उणे चाळीस अंशात नाही.

धरणाच्या बगलेने माशांचा जिना जातो. फिश लॅडर. १९५९ साली बांधलेला, लाकडी, ३६६ मीटर लांब. पाणी एका हौदातून दुसऱ्या हौदात थोडं थोडं उतरत येतं, मासा प्रवाहाविरुद्ध एकेक हौद चढत वर जातो, मध्ये दम खायला संथ जागा मिळते. बेरिंग समुद्रातून निघालेला चिनूक साल्मन जवळजवळ ३,००० किलोमीटर नदी चढून इथे पोचतो, आणि गोड्या पाण्यात शिरल्यापासून काही खात नाही. वर आपल्या जन्माच्या ओढ्यात अंडी घालून मरतो. एवढं चालून आल्यावर समोर भिंत!

जिन्याच्या मध्यावर काचेच्या खिडक्या असलेली खोली आहे. आत मासा आला की फळी लावून थांबवतात, मापतात, नर की मादी ते लिहितात. पाठीवरचा छोटा मांसल पर कापलेला असेल तर तो उबवणी केंद्रातला, अखंड असेल तर नदीतला. चौथं टर्बाइन बसवताना खाली उतरणारी पिल्लं त्यात मरणार, त्यांची भरपाई म्हणून १९८४ साली ते उबवणी केंद्र सुरू केलं. आम्ही होतो तेव्हा एक मादी आली. हातभर लांब, अंग तांबूस झालेलं, शेपटीच्या कडा झिजून दोरे निघाल्यासारख्या. काचेपाशी येऊन स्थिर राहिली. नोंद घेणाऱ्या मुलाने फळी उचलली आणि ती पुढच्या हौदात गेली. मला गहिवरून आलं, सांगायला संकोच वाटत नाही.

माझ्या सगळ्या नोकरीत माशांच्या जिन्याची फाईल माझ्या टेबलावर कधी आली नाही. आम्ही पाण्याचा हिशोब घनफुटात केला, शेतीचा हेक्टरात, वीजेचा युनिटात. मासा त्या हिशोबात नव्हता. इथे भिंतीबरोबर जिनाही बांधला. तरीही युकॉन नदीतला चिनूक इतका घटला आहे की २०२४ साली अलास्का आणि कॅनडाने ७ वर्षं, म्हणजे माशाचं एक अख्खं आयुष्यचक्र, त्याची मासेमारी थांबवायचं ठरवलं. नदीकाठच्या आदिवासी राष्ट्रांसाठी, म्हणजे इथल्या मूळ लोकांच्या समूहांसाठी, साल्मन म्हणजे थंडीची बेगमी आणि मुलांना शिकवायची विद्या, तरी त्यांच्यातल्या अनेकांनी त्याआधीच आपणहून जाळी काढून ठेवली होती. धरण अन्याय करतं की न्याय, हे एका वाक्यात सांगता येत नाही. म्हणूनच इथे वीस मिनिटं अपुरी पडतात.

याच अंगाने दुसरी उणीव. ही भूमी क्वानलिन ड्युन आणि टाआन क्वाचान या राष्ट्रांची. जमिनीचे करार झाले ते टाआन क्वाचान यांचा २००२ साली आणि क्वानलिन ड्युन यांचा २००५ साली, म्हणजे अगदी आत्ता. नदीकाठी २०१२पासून क्वानलिन ड्युन यांचं मोठं सांस्कृतिक केंद्र उभं आहे, आणि आमची व्हॅन त्याच्या समोरून न थांबता गेली. सोन्यामागे आलेल्या लोकांना चार थांबे आणि इथल्या लोकांकडे खिडकीतून नुसतं बोट दाखवणं, हे मला पटलं नाही. गाईडला सांगितलं, टूर कंपनीच्या अभिप्रायाच्या फॉर्मवरही लिहिलं आहे.

दुपारी जेवून आम्ही दोघे परत जिन्यापाशी गेलो. आगबोटीपासून नदीकाठाने मिलेनियम ट्रेल जाते, ५ किलोमीटरची गोल वाट, बरीचशी डांबरी आणि सपाट, बसायला बाकं आहेत. ह्यांना त्रास झाला नाही. वाटेवर गुलाबी फायरवीडच्या फुलांची आता म्हातारी उडायला लागली होती. खिडकीपाशी बसून पाऊण तास वाट पाहिली तेव्हा आणखी एक मासा दिसला. लहान मुलं बरोबर असतील तर त्यांना आधीच सांगून ठेवा की मासे रांगेने येत नाहीत.

टूर कोणी घेऊ नये? ज्यांच्याकडे गाडी आहे आणि तीन दिवस आहेत, त्यांना हे सगळे थांबे स्वतः करता येतील. सप्टेंबरच्या मध्यानंतर जाणाऱ्यांना जिन्यात मासे मिळणार नाहीत. बाकी सर्वांनी घ्यावी, विशेषतः आईवडिलांना घेऊन जाणाऱ्यांनी. बुक करताना दोन गोष्टी विचारा: फिश लॅडरला किती वेळ देता, आणि सांस्कृतिक केंद्रात थांबता का. उत्तर नाही आलं तरी विचारा. परतताना हॉटेलऐवजी जिन्यापाशीच सोडा असं म्हटलंत तर बहुधा सोडतील, आमच्या व्हॅनमधल्या एका जोडप्याला तसं सोडलं.