५डब्ल्यू-३० एकच, तेलं मात्र दोन: टर्बो पेट्रोल गाडीतला काही महिन्यांचा अनुभव

गाडी एक लिटरची, तीन सिलिंडरची, टर्बो पेट्रोल, डायरेक्ट इंजेक्शनची. वापर बहुतेक शहरातला: ऑफिस, शाळेची ने-आण, बाजारहाट. इंजिन पुरतं तापायच्या आत गाडी पार्किंगला लागलेली असते. मधूनमधून हायवेचा लांबचा पल्ला होतो. या गाडीत गेले काही महिने मी ५डब्ल्यू-३० ग्रेडचं फुल सिंथेटिक तेल वापरतोय, ज्याच्या डब्यावर एसीईए सी३ (युरोपातल्या गाडीनिर्मात्यांच्या संघटनेचा दर्जा) आणि एपीआय एसपी (अमेरिकन पेट्रोलियम इन्स्टिट्यूटचा दर्जा) हे दोन्ही दर्जे छापलेले आहेत आणि गाडी बनवणाऱ्या कंपनीची मान्यताही. त्याआधी सर्व्हिस सेंटरच्या पिंपातलं तेल होतं. तेही ५डब्ल्यू-३०च.

ब्रँडचं नाव देत नाही, कारण हे दर्जे पाळणारी तेलं अनेक कंपन्या बनवतात. पुढच्या बाजूचं नाव आणि झळकता रंग यापेक्षा मागच्या बारीक अक्षरांत काय लिहिलंय ते बघून तेल निवडावं, हेच मला या लेखातून सांगायचं आहे.

मागच्या सर्व्हिसला मी विचारलं होतं, "कुठलं तेल घालताय?" उत्तर आलं, "साहेब, ५डब्ल्यू-३०च आहे, फुल सिंथेटिक." उत्तर खोटं नव्हतं. पण गाडीच्या पुस्तिकेत ५डब्ल्यू-३०च्या पुढे एसीईए सी३ आणि कंपनीच्या स्वतःच्या मान्यतेचा क्रमांकही दिलाय आणि पिंपावर यांपैकी काहीच नव्हतं. तिथे होतं एपीआय एसएन आणि इल्सॅक (अमेरिकी आणि जपानी गाडीनिर्मात्यांची दर्जा ठरवणारी समिती) जीएफ-५. दोन्ही २०१० सालचे दर्जे.

आता ग्रेड सारखी असताना एवढं काय बिघडतं, हा प्रश्न रास्त आहे. ५डब्ल्यू म्हणजे कडाक्याच्या थंडीत तेल किती सहज हलतं त्याचं माप. पुढचा ३० म्हणजे १०० अंश सेल्सियसला तेलाचा चिकटपणा ९.३ ते १२.५ सेंटिस्टोकच्या दरम्यान आहे एवढंच. हा पट्टा बराच रुंद आहे. शिवाय बेअरिंगमध्ये तेल काही १०० अंशांना निवांत वाहत नसतं. तिथे ते दोन धातूंच्या मध्ये चिरडलं जातं. म्हणून आणखी एक माप आहे, एचटीएचएस (हाय टेम्परेचर, हाय शिअर). १५० अंशांना, प्रचंड कातर दाबाखाली तेलाचा चिकटपणा किती उरतो, ते यात मोजतात. ३० ग्रेडसाठी याची किमान अट २.९ आहे. एसीईए सी३ मात्र किमान ३.५ मागतं. इंधन वाचवण्यासाठी बनवलेली इल्सॅकची ५डब्ल्यू-३० तेलं सहसा २.९ ते ३.२ च्या आसपास असतात. म्हणजे एकाच आकड्याखाली दोन वेगळी तेलं दुकानात शेजारी-शेजारी उभी असतात आणि दोन्ही डब्यांवरचा आकडा खराच असतो.

साध्या, बिनटर्बोच्या इंजिनात हा फरक बहुतेकांना कधी जाणवणारही नाही. टर्बोची, म्हणजे धुराच्या जोरावर फिरून इंजिनात जादा हवा कोंबणाऱ्या पंख्याची, गोष्ट वेगळी. त्याचा शाफ्ट मिनिटाला दीड-दोन लाख फेरे घेतो आणि बहुतेक टर्बोंत तो बॉल बेअरिंगवर नाही, तेलाच्या पातळ थरावर तरंगत फिरतो. एका बाजूला पेट्रोल इंजिनाचा ९०० अंशांच्या पुढचा धूर, दुसऱ्या बाजूला बाहेरची हवा, आणि मध्ये हे तेल. इंजिन बंद केलं की तेलाचा प्रवाह थांबतो, टर्बोची उष्णता मात्र तिथेच राहते. अडकलेलं तेल जळून त्याचा काळा कडक कोळसा होतो आणि तिथली तेलाची बारीक नळी हळूहळू आतून अरुंद होत जाते. हल्लीच्या गाड्यांत टर्बोला कूलंट फिरवलेलं असतं आणि काहींत इंजिन बंद झाल्यावरही छोटा विजेचा पंप चालू राहतो, त्यामुळे हा त्रास पूर्वीपेक्षा पुष्कळ कमी झालाय. तरीही उष्णतेत टिकणारं, कमी उडून जाणारं तेल टर्बोला हवंच.

पण माझ्या गाडीत खरी भानगड उष्णतेची नव्हती. ती होती पेट्रोलची.

डायरेक्ट इंजेक्शनमध्ये पेट्रोल थेट सिलिंडरमध्ये फवारलं जातं. इंजिन थंड असताना त्यातलं थोडं भिंतीला लागतं, पिस्टनच्या रिंगांच्या बाजूने खाली झिरपतं आणि तेलात मिसळतं. तेल चांगलं तापलं की ते उडून जातं. पण कूलंटचा काटा मधोमध आला म्हणून तेल तापलं असं होत नाही. तेलाला त्याहून बराच जास्त वेळ लागतो. छोट्या फेऱ्यांत ती वेळ येतच नाही आणि पेट्रोल साठत जातं.

हे डिपस्टिकवर दिसतं, फक्त बघायची सवय हवी. सपाट जागा, इंजिन गरम, बंद करून पाच-दहा मिनिटं झालेली. डिपस्टिक काढून पुसायची, परत घालून बघायची. जुन्या तेलावर शहरातले काही आठवडे गेले तेव्हा पातळी कमी होण्याऐवजी वरच्या खुणेच्याही किंचित वर गेलेली होती. बरेच जण यावर खूश होतात, की गाडी तेल खात नाही. मी डिपस्टिक नाकाशी नेली आणि पेट्रोलचा वास स्पष्ट आला. बोटांच्या चिमटीत थेंब घेतला तर नव्या तेलासारखी तार धरत नव्हता. पुढे हायवेचा लांब प्रवास झाला आणि परत आल्यावर पातळी खाली उतरली होती. तेल जळलेलं नव्हतं, त्यातलं पेट्रोल उडालं होतं. डिपस्टिक फक्त पातळी सांगते, त्या पातळीत तेल किती आणि पेट्रोल किती हे ती सांगत नाही.

तेल बदलताना मी नमुना प्रयोगशाळेत पाठवला. सम्पचा (इंजिनाच्या तळाशी तेल साठतं त्या भांड्याचा) बोल्ट काढल्यावर पहिली धार सोडून द्यायची, मधल्या धारेचं तेल स्वच्छ बाटलीत धरायचं, म्हणजे तळाचा गाळ येत नाही. अहवालात चिकटपणा ३० ग्रेडच्या खालच्या मर्यादेच्याही खाली गेलेला होता. डब्यावर ५डब्ल्यू-३०, इंजिनात प्रत्यक्षात २० ग्रेडचं तेल. मुळात एचटीएचएस कमी, त्यात पेट्रोल, मग बेअरिंगला उरतं काय?

नवं तेल भरून तेवढंच अंतर, जवळपास त्याच प्रकारच्या वापरात झाल्यावर पुन्हा नमुना दिला. पेट्रोलचं प्रमाण साधारण तेवढंच निघालं. तेल बदलून पेट्रोल मिसळायचं थांबत नाही, तो इंजिनाच्या रचनेचा आणि छोट्या फेऱ्यांचा परिणाम आहे. फरक असा की हे तेल ३० ग्रेडच्या पट्ट्यात वरच्या टोकाजवळून सुरू होतं, त्यामुळे पातळ होऊनही ते पट्ट्याच्या आतच राहिलं. लोह आणि तांब्याचं प्रमाणही कमी आलं. त्यावर मी अजून उड्या मारत नाही, कारण झीज ही दोन नमुन्यांवर ठरवायची गोष्ट नाही. चिकटपणाचा निकाल मात्र स्पष्ट आहे.

दुसरा भाग एपीआय एसपीचा. छोट्या टर्बो इंजिनांना एक जीवघेणा आजार आहे, एलएसपीआय (लो-स्पीड प्री-इग्निशन). कमी आरपीएमवर, वरच्या गिअरमध्ये पाय दाबला की कधीकधी स्पार्क पडायच्या आधीच मिश्रण पेट घेतं. आवाज हातोडी मारल्यासारखा येतो आणि एका झटक्यात पिस्टनच्या रिंगांमधली कड तुटू शकते. याचा तेलाशी संबंध काय, असं मलाही आधी वाटलं होतं. संबंध थेट आहे. भिंतीवरचं तेल आणि पेट्रोल यांचे मिश्र थेंब सिलिंडरमध्ये उडतात आणि तेच ठिणगीचं काम करतात. तेलातल्या डिटर्जंटमध्ये कॅल्शियम जास्त असेल तर हा धोका वाढतो. त्यातला काही भाग मॅग्नेशियमने भरून काढला की कमी होतो. हे कळल्यावर २०१८ मध्ये एपीआयने एसएन प्लस आणलं आणि २०२० मध्ये एसपी. एसपीमध्ये एलएसपीआयसाठी आणि टायमिंग चेनच्या झिजेसाठी स्वतंत्र इंजिन चाचण्या आहेत. नुसत्या एसएन तेलावर या चाचण्यांचं बंधन नव्हतं. म्हणून टर्बो डायरेक्ट इंजेक्शनच्या गाडीत आज साधं एसएन भरू नये असं माझं स्पष्ट मत आहे. तेल बदललं तरी ड्रायव्हिंगची सवय महत्त्वाची राहतेच: चढावर पाचव्या गिअरमध्ये इंजिन रेटू नका, एक गिअर खाली घ्या.

आता रोजच्या वापरात काय जाणवलं. सकाळच्या पहिल्या स्टार्टला काहीही फरक नाही, आणि नसायलाच हवा, कारण ५डब्ल्यू हा भाग दोन्हींत सारखाच आहे. फरक जाणवला तो लांब प्रवासानंतर, गरम इंजिन सिग्नलला उभं असताना. आधी जी बारीक खडखड बॉनेटमधून ऐकू यायची ती बरीच मऊ झाली. पिकअपमध्ये फरक नाही, तेलाने पिकअप वाढतो असं सांगणाऱ्यांवर विश्वास ठेवू नका. ॲव्हरेज शहरात होतं तेवढंच, हायवेवर अगदी थोडं उतरलंय. जास्त एचटीएचएस म्हणजे थोडं जास्त घर्षण, हा व्यवहार मला मान्य आहे.

तेल काळं किती लवकर झालं असं अनेक जण विचारतात. झालं, पहिल्यापेक्षा काही उशिरा नाही. डायरेक्ट इंजेक्शनमध्ये काजळी होते आणि ती धरून ठेवणं हे तेलाचं कामच आहे. रंगावरून तेल संपलं असं ठरवू नये.

तेल बदलण्याच्या काळाबद्दल मात्र माझं मत अहवालांनी पक्कं केलं. पुस्तिकेत दोन वेळापत्रकं असतात, साधं आणि कठीण वापराचं, आणि छोट्या फेऱ्या, ट्रॅफिक, सततची धूळ हे सगळं 'कठीण' मध्ये मोडतं. आपण खड्ड्यांतून गाडी हाणत नाही म्हणून आपला वापर सौम्य, अशी समजूत असते; इंजिनाच्या दृष्टीने शाळेपर्यंतची फेरी ही हायवेच्या शेकडो किलोमीटरपेक्षा जड. मी आता साध्या वेळापत्रकाच्या निम्म्या अंतरावर तेल आणि फिल्टर दोन्ही बदलतो. महागडं तेल दुप्पट चालवण्यापेक्षा योग्य दर्जाचं तेल वेळेत बदलणं इंजिनाला जास्त मानवतं. किलोमीटर कमी झाले तरी वर्षाला एकदा बदलायचंच.

डबा घेताना लेबलवरची भाषा नीट वाचा. गाडीच्या कंपनीची 'मान्यता आहे' आणि 'अमुक दर्जा लागणाऱ्या गाड्यांसाठी योग्य' ही दोन वेगळी वाक्यं आहेत. पहिल्यात गाडी बनवणाऱ्या कंपनीने ते तेल तपासलेलं असतं, दुसऱ्यात तेलवाल्याचा स्वतःचा दावा असतो. दावा चुकीचाच असेल असं नाही, पण वॉरंटीतल्या गाडीत मी पहिलंच घेईन. 'फुल सिंथेटिक' या शब्दांवरही फार भिस्त नको. बहुतेक बाजारपेठांत खनिज तेलावर कडक प्रक्रिया करून बनवलेलं ग्रुप तीनचं तेलही याच नावाने विकलं जातं. तेही उत्तम असू शकतं, फक्त तो शब्द दर्जाची जागा घेऊ शकत नाही. झाकणाचं सील, बॅच क्रमांक, उत्पादनाची तारीख बघा आणि डबा आपल्यासमोर फोडायला सांगा. नवं तेल भरल्यावर वरून कुठलंही ॲडिटिव्ह ओतू नका. कॅल्शियम, मॅग्नेशियम, जस्त यांचा तोल बसवूनच ते तेल चाचणीतून गेलेलं असतं, तो आपण मोडायचा कशाला?

या तेलाच्या तक्रारी दोन. पिंपातल्या तेलापेक्षा ते बरंच महाग पडतं. आणि दोन्ही दर्जे एकत्र असलेला डबा प्रत्येक दुकानात मिळत नाही. तातडीत एपीआय एसएन आणि सी३ असलेलंच हातात येतं. म्हणून टॉप-अपसाठी त्याच तेलाचा एक लिटरचा डबा मी घरी ठेवलाय. आजवर तो उघडावा लागलेला नाही.

हा अनुभव वाचून सरसकट सगळ्यांनी सी३ घ्यावं असं मात्र अजिबात नाही. तुमच्या पुस्तिकेत ०डब्ल्यू-२० लिहिलं असेल तर तेच भरा. त्या इंजिनांचा ऑइल पंप, व्हॉल्व्ह टायमिंगची यंत्रणा आणि बेअरिंगमधली फट त्या पातळ तेलाला धरून आखलेली असते; तिथे संरक्षणासाठी तेल जाड करण्यापेक्षा लवकर बदला. ज्या इंजिनांत टायमिंग बेल्टच तेलात बुडालेला असतो तिथे तर कंपनीने दिलेल्या मान्यतेच्या बाहेर एक पाऊलही टाकू नका. चुकीच्या तेलाने किंवा पेट्रोल साठलेल्या तेलाने तो बेल्ट फुगतो, त्याचे तुकडे ऑइल पंपाच्या जाळीत अडकतात, आणि मग टर्बोपासून क्रँकपर्यंत सगळ्यांचंच तेल तुटतं. अशी गाडी असेल तर दर सर्व्हिसला तेल भरायच्या तोंडातून बेल्टची अवस्था दिसते का ते मेकॅनिकला विचारा आणि दिसत असेल तर स्वतः वाकून बघा.