चिऱ्याच्या घराला वायफाय कॅमेरे: स्वतः बसवले, त्याचा हिशेब

आधी निकाल सांगते. कॅमेरे घ्या, स्वतः बसवा, आणि मजुरीचे वाचलेले पैसे राउटर आणि लाईट गेल्यावरच्या बॅकअपवर घाला.

गुहागरजवळच्या आमच्या घरी सासूबाई एकट्या असतात, आम्ही ठाण्याला. डीव्हीआरवाल्याने (म्हणजे तारेचे कॅमेरे एका रेकॉर्डिंगच्या डब्याला जोडून देणाऱ्याने) जे कोटेशन दिलं त्यात निम्मी रक्कम केबल आणि मजुरीची होती, वर माजघरापासून फाटकापर्यंत पांढरी केसिंग पट्टी मारणार होता. म्हणून तीन वायफाय कॅमेरे मागवले, प्रत्येकी २,८०० च्या आसपास. कंपनीचं नाव लिहीत नाही, कारण या किमतीतले दोन मेगापिक्सेलचे कॅमेरे थोड्याफार फरकाने सारखेच. फरक पडतो तो तुमच्या घराचा.

आमच्या भिंती जांभ्या चिऱ्याच्या, फूटभर जाड. राउटर माजघरात टीव्हीशेजारी, तिथून पडवीत सिग्नलची जेमतेम एक काडी. त्यात पडवीवर पत्रा, म्हणजे आणखी वैरी. दुकानदार लगेच सिग्नल पुढे ढकलणारा एक्स्टेंडर गळ्यात मारायला बघतो. त्याआधी राउटरची जागा बदलून बघा. फायबरवाल्याकडून तार वाढवून घेतली, राउटर ओटीच्या खिडकीत आणला, तिन्ही कॅमेरे मुकाट्याने जोडले गेले.

जोडणी मात्र शिडीवर चढायच्या आधी, ओटीवर बसूनच उरका. हे कॅमेरे फक्त २.४ गिगाहर्ट्झवर चालतात. राउटरवर २.४ आणि ५ गिगाहर्ट्झ या दोन्ही बँडना एकच नाव असेल, तर क्यूआर कोड कॅमेऱ्यासमोर धरून धरून हात दुखतो आणि ॲप ढिम्म. ५ गिगाहर्ट्झ तेवढ्यापुरतं बंद करायचं, काम झालं की परत चालू.

शिडी नवऱ्याने धरली, ड्रिल मी चालवलं. चिऱ्याला हॅमर मोड अजिबात नको. दगड भुसभुशीत, भोकाचे काठ ढासळतात आणि मग गिट्टी (स्क्रू पकडायला भोकात ठोकतात ती) नुसती गोल फिरत राहते. साध्या मोडवर ६ एमएमचं बिट हळूहळू आत घालायचं, मधेमधे बाहेर काढून लाल भुकटी फुंकायची (डोळे मिटून!), मग लांब गिट्टी ठोकायची. बॉक्समधले स्क्रू इंचभराचे, तेही खाऱ्या हवेत एका पावसात गंजतील असे. हार्डवेअरच्या दुकानातून दोन इंची स्टेनलेसचे आणले. इथे कंपनीने चिंगूसपणा केलाय, गुण कापले.

उंची आठ-नऊ फूट पुरे. त्याहून वर लावलात तर चोराचं टक्कल दिसेल, तोंड नाही.

वायफाय असलं तरी प्रत्येक कॅमेऱ्याला ॲडॅप्टरची तार लागतेच. कॅमेरा आयपी ६६, म्हणजे पावसाच्या माऱ्याला घाबरत नाही, पण ॲडॅप्टर आणि पिनचा जोड घाबरतो. जोड प्लास्टिकच्या जंक्शन बॉक्समध्ये घातला आणि तार भोकात शिरण्याआधी खाली झोळ दिला, म्हणजे पाणी झोळाच्या टोकाला ठिबकतं, भिंतीत जात नाही. या साध्या गोष्टीचं चित्र माहितीपत्रकात असायला हवं होतं. आहे काय, तर सोळा भाषांत 'सावधान'.

रात्रीचं चित्र काळंपांढरं, पण अंगणातला माणूस ओळखू येतो. फक्त कॅमेऱ्याच्या अगदी जवळ पन्हळ किंवा पांढरी भिंत चौकटीत येऊ देऊ नका, कॅमेऱ्याचा डोळ्यांना न दिसणारा इन्फ्रारेड प्रकाश तिच्यावरून उलटतो आणि मागचं सगळं काळं होतं. कोळी हा दुसरा शत्रू. भिंगासमोर जाळं आलं की रात्री पांढरं फक्क दिसतं आणि वाऱ्याने हललं की अलर्ट. त्यावर ॲपमध्ये इलाज नाही, काठीला फडकं बांधणे हाच.

अलर्टचं म्हणाल तर सुरुवातीला फोन खिडकीतून फेकावासा वाटला. केळीचं पान हललं, अलर्ट. मांजर गेलं, अलर्ट. 'फक्त माणूस' हा पर्याय निवडला आणि केळीचा भाग झोनमधून वगळला, तेव्हा शांतता झाली. तरी दांडीवर वाळत घातलेलं लुगडं अजून अधूनमधून 'माणूस' ठरतं. शेजारच्यांच्या न्हाणीचं दार चौकटीत येत होतं, तो कॅमेरा त्यांच्यासमोरच वळवला. हे न विसरता करा, गावात राहायचंय.

सासूबाई आधी चिडल्या होत्या, "माझ्यावर पाळत ठेवतेस काय गो?" आता त्यातून दोन्हीकडून बोलता येतं हे कळलंय. ऑफिसात अलर्ट वाजतो, उघडावं तर त्या मान वर करून सांगतायत, "येताना डिंक आण."

क्लाउडचं, म्हणजे रेकॉर्डिंग इंटरनेटवरून कंपनीकडे साठवण्याच्या वर्गणीचं, तुणतुणं ॲप सतत वाजवतं. मी मेमरी कार्ड घातलं. सलग रेकॉर्डिंगला एक एमबीपीएस (सेकंदाला एक मेगाबिट) धरलं तर दिवसाला साधारण ११ जीबी लागतात, म्हणजे ६४ जीबीत पाचेक दिवस आणि १२८ मध्ये त्याच्या दुप्पट. पुढे जुनं पुसून नवं चढतं. कार्ड 'हाय एन्ड्युरन्स' लिहिलेलंच घ्या, साधं कार्ड या सततच्या लिहिण्यापुसण्याने लवकर मरतं. चोराने कॅमेराच उपटून नेला तर कार्डही गेलं, हा धोका आहेच. ज्यांना तो नको त्यांनी वर्गणी भरावी.

लाईट गेली की सगळं बंद. राउटरला १२ व्होल्टचा मिनी यूपीएस लावला, आणि पडवीचा कॅमेराही १२ व्होल्टचाच म्हणून त्याच्याच दुसऱ्या पिनेवर. तासदोन तास आरामात निघतात. बाकीचे दोन झोपतात, झोपू दे. विजा कडाडायला लागल्या की मात्र सासूबाई सगळ्या पिना स्वतः काढतात, आणि तेच बरोबर आहे.

विहिरीकडे वीज नाही, म्हणून तिथे बॅटरी-सोलरवाला घ्यायचा विचार होता. तो हालचाल झाल्यावर जागा होतो, त्यामुळे पहिले एकदोन सेकंद हुकू शकतात, आणि आमची विहीर माडांच्या सावलीत. जून ते सप्टेंबर पॅनेलला ऊन मिळणार कुठून? तिथे दिव्याचा खांब आणि वायर ओढून घेणार आहोत, मग चौथा कॅमेरा याच जातीचा.