घरघंटी: आठ महिने वापरल्यावर

दांडिया बाजारातल्या आमच्या घरी दिवाळीत घरघंटी, म्हणजे घरगुती पिठाची गिरणी, आली. एक हॉर्सपॉवरची मोटर, किंमत 16,500 रुपये. घेण्याआधी वहीत हिशेब मांडला. गिरणीत गव्हाला किलोमागे 6 रुपये. घरी तासाभरात सात किलो निघतात, वीज पाऊण युनिट. युनिटला 7 रुपये धरले तर किलोला पाऊण रुपया. वाचले सव्वापाच. महिन्याचे 25 किलो म्हणजे सुमारे 130 रुपये. पैसे फिटायला साडेदहा वर्षं! बेत रद्दच होत होता. पण धाकट्या जाऊबाई म्हणाल्या, "वहिनी, आमचंही दळण तुमच्याकडेच टाकू." दळण दुप्पट, मुदत निम्मी. मग घेतली. महिन्याला दहा किलोच लागत असतील तर गिरणीच बरी.

भाजणीने मात्र मन जिंकलं. गिरणीत ती कुणाच्या तरी बाजरीमागून दळली जायची, थालीपिठाला कडवट चव यायची. आता डब्याचं झाकण उघडलं की धण्या-जिऱ्याचा वास घरभर.

तक्रार एकच. पीठ साठवायच्या डब्याची कापडी टोपी सैल आहे, कडेने पीठ उडतं. कंपनीला दोनदा फोन केला, अजून कुणी आलं नाही. सध्या मी वरून जुन्या परकराची नाडी बांधते.