एक जनुक की अख्खा जीनोम?

एमएस्सीचा प्रकल्प निवडताना भाची अडकली: एकच जनुक तपासावं की अख्खा जीनोम, म्हणजे सगळाच्या सगळा डीएनए? गणेशखिंड रस्त्यावर चहा घेता घेता विषय निघाला.

खर्चात एक जनुक सरळ जिंकतं: पीसीआर (डीएनएच्या तुकड्याच्या प्रती काढणं), थोडं सिक्वेन्सिंग (त्यातली अक्षरं वाचणं), झालं. अख्ख्या जीनोमला हजारो नमुने आणि संख्याशास्त्र कोळून प्यायलेला माणूस लागतो (तो मिळणं जास्त अवघड!).

उत्तराची खात्री? सिकलसेल या रक्ताच्या आजारात हिमोग्लोबिनचा एक भाग बनवणाऱ्या बीटा-ग्लोबिन जनुकातलं एकच अक्षर बदलतं. कारण हाती लागतं. पण तोच बदल असूनही एकाला त्रास जास्त, दुसऱ्याला कमी. गर्भातलं हिमोग्लोबिन जन्मानंतर किती टिकलं, यावरही ते अवलंबून. इथे सुटं जनुक तोकडं पडतं. उंचीचं तर विचारूच नका: २०२२च्या अभ्यासात १२ हजारांवर बदल सापडले.

सहाच महिने असतील तर एक जनुक घे. मधुमेहासारखा गुंता सोडवायचा असेल तर जीनोम, पण पीएचडीला.