कॅसेट उतरवली, पण मंथरेचा डोळा पुसला

आधी कामाचं. व्हीएचएसच्या दोन जुन्या कॅसेटी पेनड्राइव्हवर उतरवून घेतल्या. कॅसेटमागे साडेतीनशे, एकीला बुरशी होती म्हणून तिचे दीडशे वेगळे. आठवड्याचा वायदा होता, माल सतराव्या दिवशी मिळाला. तीन तारे देते, चौथा का नाही ते सांगते.

पहिल्या कॅसेटवर १९८७ चं ‘रामायण’. रविवारी सकाळी रेकॉर्डिंगचं बटण दाबायला अण्णा अंघोळ उरकून व्हीसीआरपाशी बसायचे. लेबलवर त्यांचंच अक्षर: ‘कैकेयी कोपभवन. पुसू नये.’

घरी येऊन लावलं, तर मंथरा ओळखू येईना! दुकानवाल्या मुलाने न विचारता चित्र ‘स्वच्छ’ करून ठेवलं होतं. मुंग्या गेल्या, पण त्यांच्याबरोबर ललिता पवारांच्या सुरकुत्याही गेल्या. गाल मेणाचे, आणि डावा डोळा नुसता झोप आल्यासारखा.

अहो, त्या डोळ्यावर तर बाईंचं अर्धं आयुष्य उभं होतं. येवल्याची ही मुलगी मूकपटांपासून पडद्यावर, पुढे नायिका. १९४२ मध्ये ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात भगवानदादांची थप्पड जोरात बसली, चेहऱ्याला लकवा झाला, डावा डोळा कायमचा बारीक राहिला. नायिकेची कामं सुटली. दुसरी कोणी घरी बसली असती. या बाई १९४४ मध्ये प्रभातच्या ‘रामशास्त्री’त आनंदीबाई होऊन उभ्या राहिल्या आणि पुढे तो डोळाच कामाला लावला. मंथरा कैकेयीच्या कानाशी लागते तेव्हा उजवा डोळा तिच्यावर असतो आणि डावा जणू मनातल्या मनात हिशेब करतो. आमची आई टीव्हीसमोर बसून ‘मेली आली बघ’ म्हणायची, ते काही उगाच नाही.

गेले परत. ‘मॅडम, लोकांना क्लीनच लागतं,’ म्हणाला. मी मोबाइलवर ‘श्री ४२०’मधली केळीवाली गंगामाई दाखवली, मग मंथरा दाखवली, आणि म्हटलं, बाळा, हा डोळा तू घालवलास. त्याने दोन्ही फोटो मोठे करून नीट बघितले. वाद घातला नाही. फिल्टर काढून दोन दिवसांत पुन्हा उतरवून दिलं, वर पैसे घेतले नाहीत. मुंग्या परत आल्या, मंथराही आली. तिसरा तारा त्या मुलाचा.

तेव्हा तुम्ही गेलात तर पावतीवर ‘फिल्टर नको’ असं लिहून घ्या. दुकान दुसऱ्या मजल्यावर आहे, लिफ्ट नाही, जिन्यात दिवसाही अंधार.

दुसरी कॅसेट ‘अनाडी’ची, बुरशीवाली. मिसेस डिसा राज कपूरला फैलावर घेतात आणि त्याच दमात माया करतात, ते सगळं छान उतरलंय. मंथरेला हिशेब करणारा तोच डोळा इथे चक्क मिश्कील दिसतो. या कामाला फिल्मफेअर मिळालं होतं. शेवटचा पाऊण तास मात्र बुरशीने खाल्लाय. औषधाच्या त्या बाटलीपर्यंत गोष्ट पोचतच नाही, त्यामुळे आमच्या पेनड्राइव्हवरच्या मिसेस डिसा मरत नाहीत. त्याचे तारे मी कापलेले नाहीत.