फॉर्म भरून देणारं दुकान: पाचपैकी दोन स्टार, आणि मुलांच्या सिटिझनशिपच्या कागदाला खरा खर्च किती

दुकानाचं नाव मुद्दाम लिहीत नाही, मला कुणाच्या पोटावर पाय द्यायचा नाहीये. पण न्यू जर्सीत आपली वस्ती आहे तिथे अशी दुकानं असतातच, बाहेर एकाच बोर्डावर पासपोर्ट फोटो, नोटरी, ओसीआय (परदेशी नागरिक झालेल्या भारतीयांचं कार्ड), टॅक्स, इमिग्रेशन फॉर्म असं सगळं लिहिलेलं, आत दोन टेबलं आणि एक झेरॉक्स मशीन. त्यातल्याच एका दुकानाचा हा रिव्ह्यू. लांब झालाय पण ज्यांची मुलं आईवडिलांमुळे सिटिझन झालीत आणि हातात कागद काहीच नाही त्यांनी शेवटपर्यंत वाचा, कारण मी वाचलं नव्हतं आणि पैसे गेले.

आमची केस आधी सांगते. आमच्या वन्संनी 2004 साली भावासाठी, म्हणजे माझ्या नवऱ्यासाठी, ग्रीन कार्डची फाइल टाकली होती, तेव्हा माझं लग्नही झालं नव्हतं. नंबर लागला 2019 ला. पंधरा वर्षं! तोपर्यंत दोन मुलं झालेली, मग आम्ही चौघं साताऱ्याहून ग्रीन कार्डवरच इथे उतरलो. पाच वर्षं झाल्यावर नवऱ्याने सिटिझनशिपचा अर्ज केला (ऑनलाइन 710 डॉलर) आणि 2024 मध्ये त्याची शपथ झाली. माझा अर्ज मागे ठेवला कारण घरात एका वेळी दोन फिया परवडत नव्हत्या. मुलगी तेव्हा पंधरा वर्षांची, मुलगा दहाचा.

आता इथे एक गोष्ट मला तेव्हा कुणी नीट सांगितली नाही. अमेरिकेत चाइल्ड सिटिझनशिप ॲक्ट म्हणून कायदा आहे, 2000 साली पास झाला आणि 27 फेब्रुवारी 2001 पासून लागू आहे. त्यात असं आहे की मूल अठराच्या आत असताना आईवडिलांपैकी एकजण सिटिझन असेल, मुलाकडे ग्रीन कार्ड असेल आणि मूल इथेच त्या पालकाच्या कायदेशीर ताब्यात, त्याच्याजवळ राहत असेल, तर या सगळ्या गोष्टी ज्या दिवशी जुळतात त्याच दिवशी मूल आपोआप सिटिझन होतं. अर्ज नाही, परीक्षा नाही, फी नाही. म्हणजे नवऱ्याने सकाळी हात वर करून शपथ घेतली तेव्हा आमची दोघं शाळेत बसल्या बसल्या सिटिझन झाली. मला हे कळलं तेव्हा खरंच भरून आलं होतं.

पण कागद? कागद कुणीही घरी पाठवत नाही. नवऱ्याला शपथेनंतर मिळालेल्या नॅचरलायझेशन सर्टिफिकेटवर मुलांची नावं नसतात. मुलांच्या हातात तेच जुनं ग्रीन कार्ड आणि भारताचा पासपोर्ट. सिटिझनशिप फुकट मिळते पण ती सिद्ध करायला पैसे लागतात, आणि किती लागतात हे तुम्ही कुठल्या दारातून आत जाता त्यावर आहे.

आम्ही मागच्या वर्षी वसंतात त्या दुकानाच्या दारातून गेलो. मालक बोलायला गोड, ताई ताई करून चहा मागवला. म्हणाले मुलांना एन-600 फॉर्म भरून सर्टिफिकेट ऑफ सिटिझनशिप काढायलाच लागतं, त्याशिवाय मुलं सिटिझन मानली जात नाहीत, आणि मुलगी सोळाची झालीये तर घाई करा, अठरा झाली की हक्क जातो. भिंतीवर पण तसाच कागद चिकटवलेला. मी घाबरले. त्यांनी कागदावर हिशोब करून दिला, सरकारी फी एकाची 1385, दोघांची 2770, दुकानाचे एकाचे 400 म्हणजे 800, एकूण 3570 डॉलर. वर मुलीचा जन्माचा दाखला हाताने मराठीत लिहिलेला होता त्याच्या भाषांतराचे 75 वेगळे. आमचं घर एका पगारावर आणि माझ्या डे केअरमधल्या तासांवर चालतं. तरी मी 200 ॲडव्हान्स देऊन आले, पावती आहे, त्यावर बारीक अक्षरात नॉन रिफंडेबल लिहिलंय ते घरी येऊन वाचलं.

आता एकेक सांगते की त्यात काय चूक होतं, कारण 200 डॉलरपेक्षा मला त्या चुकीच्या माहितीचा जास्त राग आहे.

अठरा झाली की हक्क जातो हे साफ खोटं. अठराच्या आत अटी पूर्ण व्हायला हव्यात हे बरोबर, पण आमच्या मुलीच्या त्या पंधराव्या वर्षीच पूर्ण झाल्या, आणि एकदा झाल्या की झाल्या. एन-600 ती तिसाव्या वर्षी पण भरू शकते, चाळीसाव्या पण. (एन-600के म्हणून वेगळा फॉर्म आहे, परदेशात राहणाऱ्या मुलांसाठी, त्याला मात्र अठराच्या आतच सगळं उरकावं लागतं, कदाचित त्यावरून गोंधळ होत असेल. पण दुकान लावून पैसे घेताय तर एवढा फरक माहिती पाहिजे.)

सर्टिफिकेट काढायलाच लागतं हे पण खोटं. अमेरिकेचा पासपोर्ट हा सुद्धा नागरिकत्वाचा पूर्ण पुरावा आहे, आणि मुलाला पहिला पासपोर्ट काढायला हे सर्टिफिकेट लागत नाही, तिथे मुलाचा जन्मदाखला, नवऱ्याचं ओरिजिनल नॅचरलायझेशन सर्टिफिकेट, मुलाचं ग्रीन कार्ड, आमचा विवाहाचा दाखला आणि मुलं आमच्याजवळच राहतात याचे शाळेचे वगैरे कागद असं लागतं.

फीचा आकडासुद्धा पूर्ण खरा नव्हता. 1385 ही कागदी फॉर्मची फी, तोच फॉर्म घरबसल्या ऑनलाइन भरला तर 1335. पन्नासचा फरक, दोघांचे शंभर, आणि फॉर्म स्वतः फुकट असतो. शिवाय उत्पन्न कमी असेल तर एन-600 ची फी माफ करून घेता येते, आय-912 म्हणून फॉर्म आहे, घरात सरकारी मदत चालू असेल किंवा उत्पन्न गरिबीरेषेच्या दीडपटीच्या आत असेल तर जरूर बघा. आम्ही त्यात बसत नव्हतो, पण त्या दिवशी दुकानात माझ्या पुढे रांगेत असलेली एक मावशी त्यात बसली असती असं मला अजून वाटतं आणि तिला कुणी सांगितलं नाही.

आणि हो, असली दुकानं फक्त टायपिंग करू शकतात. कुठला फॉर्म भरायचा, तुमचा हक्क आहे का नाही हा कायद्याचा सल्ला द्यायची परवानगी वकिलाला किंवा न्याय खात्याने मान्यता दिलेल्या संस्थेतल्या माणसालाच असते. एन-600 एकदा नाकारला गेला की दुसरा एन-600 भरता येत नाही, जुनीच केस परत उघडायला वेगळी फी भरून मागे लागावं लागतं, आणि आधीची फी गेली ती गेलीच. म्हणजे चुकीच्या माणसाकडून भरून घेणं किती महागात पडू शकतं बघा.

मला हे सगळं कळलं ते पोस्टात. मी वन्संचं पार्सल टाकायला गेले होते, तिथे पासपोर्टचे अर्ज घेतात, खिडकीवरच्या बाईंना सहज विचारलं की बाबा सिटिझन झाला तर मुलांना डायरेक्ट पासपोर्ट मिळतो का. त्या म्हणाल्या हो, रोज येतात असे लोक, आणि कागदांची यादी हातात दिली. पाच मिनिटं. एक डॉलर नाही घेतला.

मग आमचा खर्च असा झाला. मुलगी सोळाची पूर्ण म्हणून तिला मोठ्या माणसाची फी, पासपोर्टचे 130 आणि अर्ज घेण्याचे 35, म्हणजे 165, पण तिला दहा वर्षांचा मिळतो. मुलगा सोळाच्या आत, त्याचे 100 आणि 35, एकूण 135, त्याला पाचच वर्षांचा. दोघांचे मिळून 300. आम्ही पासपोर्ट कार्ड पण घेतलं, मुलीचं 30, मुलाचं 15, सोबतच अर्ज केला की ते 35 पुन्हा भरावे लागत नाहीत. ते कार्ड घेऊन भारतात विमानाने जाता येत नाही पण सिटिझनशिपचा पुरावा म्हणून पासपोर्टइतकंच चालतं आणि पाकिटात मावतं, पासपोर्ट हरवला तर घरात दुसरं काहीतरी असावं म्हणून मला ते 45 डॉलर अजिबात जास्त वाटले नाहीत. 345 झाले, फोटो, कुरियर, झेरॉक्स धरून चारशेच्या थोडं वर. कुठे 3570 आणि कुठे चारशे.

काही गोष्टी ध्यानात ठेवा. फॉर्म घरून भरून न्या पण सही करू नका, ती खिडकीवर त्यांच्या समोरच करायची. मुलगा सोळाच्या आत म्हणून आम्ही दोघंही हजर लागलो, नवऱ्याने अर्धा दिवस सुट्टी टाकली, ते पैसे कुठल्याच हिशोबात धरत नाहीत पण जातातच. आणि ओरिजिनल कागद पाठवावे लागतात, हा माझ्यासाठी सगळ्यात अवघड भाग होता. नवऱ्याचं सर्टिफिकेट, ज्याच्यासाठी वीस वर्षं गेली, ते एका पाकिटात घालून पोस्टाच्या हवाली करायचं, हरवलं तर नवीन काढायला 505 ते 555 डॉलर. मी तीन आठवडे नीट झोपले नाही. पासपोर्ट पाचेक आठवड्यांनी आले आणि ओरिजिनल कागद वेगळ्या पाकिटाने नंतर आले, तेव्हा पासपोर्ट आले पण कागद नाही आले म्हणून घाबरू नका.

मग एन-600 काढूच नये का? असं मी म्हणत नाही. पासपोर्ट संपतो, सर्टिफिकेट संपत नाही. उद्या मुलगी लांब गेली, पासपोर्टची मुदत गेली किंवा हरवला, इकडे आमचे कागद सापडेनात, कुणाचा घटस्फोट झाला, कुणी गेलं, मग पंधरा वर्षांनंतर बापाचं सर्टिफिकेट आणि तेव्हा मूल कुणाजवळ राहत होतं ते सगळं परत सिद्ध करत बसायचं. त्या वेळी स्वतःच्या नावाचं सर्टिफिकेट असणं मोलाचं आहे. माझी अडचण फक्त किमतीची आहे. हीच फी 2016 च्या डिसेंबरपर्यंत 600 होती, मग 1170 झाली, मग एप्रिल 2024 पासून 1385. बापाला सिटिझन करायला 710 आणि त्याच्यामुळे मुलगी आधीच सिटिझन झालीये हे लिहून द्यायला जवळपास दुप्पट, हे मला कितीही विचार केला तरी पटत नाही. आम्ही आता महिन्याला थोडे बाजूला टाकतोय, मुलगी कॉलेजला जायच्या आधी तिचं तेवढं ऑनलाइन, स्वतःच भरून काढणार. त्याला सुरुवातीला स्कॅन चालतात, ओरिजिनल बोलावलं तर दाखवायला न्यायचे.

भारताच्या बाजूचा खर्च कुणी धरत नाही तोही धरा. मुलांचे भारताचे पासपोर्ट सरेंडर करायचे आणि ओसीआय काढायचं, ओसीआयचेच एकाचे 275, वर सर्व्हिसचे पैसे. पुढच्या गणपतीला साताऱ्याला जायचंय म्हणून ते पण चालू आहे, आणि खरं सांगायचं तर आमच्या हिशोबात आता तोच सगळ्यात मोठा आकडा आहे.

आता दोन स्टार कशाचे ते सांगते. ते दुकानात टेबलावर बसणाऱ्या मुलीचे. मालक फोनवर असताना तिने मुलीचा हाताने लिहिलेला दाखला बघितला आणि हळूच म्हणाली, "ताई, गावी कोण असेल तर नवीन दाखला मागवा ना, आता मराठी इंग्रजी दोन्हीत येतो, भाषांतराचे पैसे कशाला घालता." भाऊजी नगरपालिकेत दोनदा जाऊन आले आणि दोन्ही भाषांतला दाखला कुरियरने आला, सोबत सासूबाईंच्या कपाटातले बाकीचे ओरिजिनल पण. माझे 75 वाचलेच, शिवाय पासपोर्टला भाषांतर नोटरी करून लागतं तीही भानगड वाचली. पोरगी विशी-बाविशीची असेल. मालकाच्या समोर बसून गिऱ्हाइकाचे पैसे वाचवायला धीर लागतो.

200 डॉलर मी दोनदा जाऊन मागितले, मिळाले नाहीत. मालकांनी हे वाचलं तर माझे पैसे राहू देत, पण भिंतीवरचा तो अठरा वर्षांचा कागद आजच्या आज काढा. त्या दिवशी माझ्या पुढे बसलेली मावशी नातवाच्या फीसाठी हातातल्या बांगड्या मोडायचं बोलत होती.